रिकाम्या खोलीतला दिवा

रविवार, ११ नोव्हेंबर २०१८, ब्रॅम्पटन

दुपारी मुलीने एका जपानी दिग्दर्शकाचा सिनेमा दाखवला. माणूस खोलीतून निघून जातो, तरी याचा कॅमेरा तिथेच थांबतो. नुसती उशी दिसत राहते.

"अगं, पुढे कर. कोणीच नाही तिथे."

"बाबा, वेट ना. दॅट्स हिज स्टाइल."

ती उशी डोळ्यांपुढून हलत नाही. गावी आई गेली तेव्हा मी इथून व्हिडिओ कॉलवर बघत होतो. तिला घेऊन सगळे बाहेर पडले, तिथला फोन कोनाड्यात तसाच चालू राहिला. तिची उशी, शेजारी दिवा. गेलेल्या माणसाच्या जागी लावलेला तो दिवा एकटा ठेवत नाहीत. आता काय बघायचं, म्हणून मीच इकडून कॉल बंद केला. का?

संध्याकाळी देवापुढे दिवा लावला. मुलीने जेवायला हाक मारली. म्हटलं, "तुम्ही घ्या. दिवा शांत होईपर्यंत बसतो."