ओट्यावरचा मिसरीचा डाग

गंगाखेड. मंगळवार, चैत्र, १९५४

शेजारची रखमा रोज सांजच्याला माझ्या ओट्यावर मिसरी लावायला यायची. थुंकून शहाबादी फरशीवर काळा डाग पाडला, म्हणून मी तिला बोलले. लयच बोलले. आठ दिस झाले, आली न्हाई. एवढ्याशा डागापायी कशाला बोलले मी?

आज लिंबू अन् विटकरीचा भुगा घेऊन तो घासला. डाग गेला, पण लिंबानं फरशीच खाल्ली, पांढरा चट्टा पडला. मग रखमा आडावर भेटली. म्हणलं, "डाग निघाला गं."

"मग बस की चकचकीत फरशीवर, एकटीच," म्हणली अन् कळशी उचलून गेली.

पोरगी पालमला नांदायली, घरात बोलायला दुसरं कोण हाय? माफी मागायची मला सवय न्हाई. उद्या थुंकायला राखेचा डबा ओट्यावर ठेवते, तिच्या दारातून दिसंल असा.