पायाने वाजवलेली ओळ

ग्राबोव्का, १३ नोव्हेंबर १९३३

चि. झेनोन यास दादाचे अनेक आशीर्वाद. वि. वि.

तू वॉर्साहून पाठवलेली तिकिटं मिळाली. काल रविवारची उपासना आटोपल्यावर मी ऑर्गन झाकला आणि आईला घोडागाडीतून तालुक्याला तुमचा बोलपट पाहायला नेलं. पडद्यावर पाच देखणे नट नुसते ओठ हलवतात, गाता तुम्ही पाचजण, हे तिला वाटेत तीनदा समजावलं होतं. तरी गाणं सुरू होताच ती उठून उभी राहिली. तुझं लाडकं नाव घेऊन म्हणाली, "हा आमचा झेनेक नव्हे." लोक हसले. मागे बसलेला खाटीक म्हणाला की आजी, शहरात गेल्यावर तोंड बदलतंच. मी तिला खाली बसवलं. तेव्हा ती हळूच म्हणाली, "तोंडाचं कोण बोलतंय? मी डोळे मिटून ऐकत होते."

तुझ्या ओळीचा खर्जातला तो आवाज शब्द तोडून श्वास घेत होता. त्या खोडीपायी लहानपणी मी तुझा कान पिळला होता, पुन्हा कधी तू ते केलं नाहीस. पण सगळ्यांत मिसळलेला आवाज वेगळा ओळखू येऊ नये, हेही मीच शिकवलं. तेव्हा माझाच कान चुकला असेल. लिही.

आई उशाशी तिकिटाचा तुकडा ठेवते. लोभ होता तसाच असू दे.

वालेंटी

वॉर्सा, २० नोव्हेंबर

ती. दादास, सा. न. वि. वि.

कान चुकला नाही. एप्रिलमध्ये घशातली गाठ काढली. बोलता येतं, गाता येत नाही, आणि येणारही नाही. माझ्या जागी पोझनानचा एकजण घेतला. बरा गातो. माझा कोटही त्याला बसला, नवा शिवावा लागला नाही.

बाकीचे चौघे चांगले वागतात. तालमीला मी त्यांची पानं उलटतो. वाईट वाटतं का, असं विचारशील. काही वाटत नाही. जाहिरातीत नाव अजून माझंच होतं, म्हणून तिकिटं पाठवली.

आईला सांगू नकोस. घरी ये म्हणशील, पण येऊन काय करू? चर्चच्या गायनात मुका उभा राहू? माझ्यावर राग नसावा, एवढंच.

झेनोन

ग्राबोव्का, ३ डिसेंबर

चि. झेनोन यास आशीर्वाद.

आईला सांगितलं नाही. तिनं विचारलंही नाही. तुझी गादी चुलीजवळ उबेला टाकली आहे.

आता माझं ऐक. तू गेल्यापासून गायनातली खर्जाची जागा मी भरली नाही. ती ओळ ऑर्गनच्या खालच्या पट्ट्यांवर पायाने वाजवतो. दहा वर्षं झाली. गावाला कळलं नाही, की कळून कुणी बोललं नाही, देव जाणे. त्यानंही अजून काही म्हटलेलं नाही. यंदा माझा डावा गुडघा वाकत नाही. पट्टीवर पाय ठेवायला गळा लागत नाही, आणि ऑर्गनपुढचा बाक दोघांना पुरतो.

नाताळच्या आधी निघ. कळावे. लोभ इथंच ठेवला आहे, येऊन घे.

वालेंटी

ता. क. जाड मोजे आण. पट्ट्या फार गार असतात.