चव बघणारी

काका,

तुमच्या सेक्रेटरीने परदेशातून कळवलेला तुमचा निरोप मिळाला. सगळ्या देशांत कंपनीच्या सूपची चव एकच हवी, म्हणून आईने उद्यापासून कारखान्यात चव बघायला येऊ नये. आणि घरात शिकलेली मीच, तेव्हा हे तिला मी सांगायचं.

तुम्ही आणि आईने आपल्या स्वयंपाकघरात पहिलं सूप गोठवलं, तेव्हापासून तिने मान डोलावल्याशिवाय माल निघत नसे. आता चव बरोबर आहे की नाही, हे यंत्र ठरवतं. तरी मी रोज तिच्यापुढे वाटी ठेवते. ती म्हणते, “मीठ कमी आहे गं, सांग त्यांना.” मी हो म्हणते. गाड्या तोवर गेलेल्या असतात. या खोटेपणाने मी दमून गेले आहे.

आज म्हटलं, “आई, उद्यापासून घरीच थांब.”

“भाऊजींनी सांगितलं?”

मी खाली बघितलं.

“मग तोंड का पाडतेस? ते सूप मला तरी कुठे आवडत होतं!” ती हसली. जिना उतरताना मात्र थांबली. “भाऊजींना विचार, तिकडे जेवण तरी धड मिळतं का.”

तेवढंच विचारायला लिहायला बसले होते. पण उत्तर तुमच्या सेक्रेटरीचं येईल, आणि ते मला आईला वाचून दाखवावं लागेल. म्हणून पाठवत नाही.

तुमची पुतणी