दोन व्याही, चार निवारे

९ ऑक्टोबर. पहिला निवारा.

बसमधून उतरलो आणि व्याह्यांनी हजेरी घ्यायला सुरुवात केली. ताईंचा, म्हणजे माझ्या बायकोचा, रक्तदाब? — आटोक्यात. तुमचा गुडघा? — चढाला गप्प, उताराला बडबड्या. तुमच्या धाकट्याचा दमा? नातीचा पुढचा दात? समोरच्या घरातल्या आजोबांचा मोतीबिंदू — तोसुद्धा विसरले नाहीत! सगळे झाल्यावर शेवटी, ‘आणि आमची सून?’

‘मजेत,’ मी म्हटलं.

तोंडातून इतकं सरळ खोटं निघालं की माझं मलाच नवल वाटलं.

लिहून ठेवतो, म्हणजे डोक्यात गुंता नको. माझी लेक आणि यांचा मुलगा वेगळे होताहेत. चौदा तारखेला कोर्टात अर्ज देणार. जावई जूनपासून दुसरीकडे खोली घेऊन राहतो. बापाला सांगायला त्याची जीभ रेटत नाही. परवा माझ्या पिशवीत मोजे कोंबता कोंबता लेक सासऱ्यांबद्दल म्हणाली, ‘बाबा, नानांना कागदावरून कळायला नको. तुम्ही सांगा.’ हो म्हणून बसलो. हो म्हणायला काय जातं!

दर वर्षी आम्ही दोघं व्याही या दिवसांत डोंगरात येतो. निवाऱ्यातून निवाऱ्यात, पाच-सहा दिवस. इथे फोन लागत नाही, पळायला जागा नाही. सांगायला याहून सोयीचं ठिकाण शोधून सापडणार नाही.

निवारा स्वच्छ. फळ्यांचे दुमजली पलंग, मधे शेगडी. ‘खालची फळी तुम्ही घ्या.’ — ‘छे छे, तुमचा गुडघा! तुम्ही घ्या.’ — ‘तुम्ही वडीलधारे.’ — ‘चारच महिन्यांनी!’ शेवटी दोघंही वरच्या फळीवर चढलो. खालच्या दोन्ही रिकाम्या.

१० ऑक्टोबर. दुसरा निवारा.

सकाळी वाटेत ते अचानक थांबले. मला वाटलं, दम लागला. घड्याळ बघत होते. सात. खिशातून डबी काढून गोळी घेतली, वर दोन घोट पाणी. ‘रोज सातला सुनेचा फोन येतो,’ म्हणाले. ‘नाना, गोळी घेतली का? — एवढंच विचारते. मग भाजी काय केली, झोप लागली का, असं निघत जातं. जन्मभर मी लोकांना औषधं दिली. मला गोळीची आठवण कुणी करून द्यावी असं कधी वाटलं नव्हतं.’

हे ऐकल्यावर कुठून सांगणार? माझे पाय तेवढे चालत राहिले.

व्याह्यांच्या पत्नी गेल्या त्याला सहा वर्षं झाली. मुलगा एकच. दुकान विकलं, तरी बोलणं अजून काउंटरच्या पलीकडून असल्यासारखं — हळू, नेमकं, ‘जेवणानंतर’ म्हणावं तसं. मी छापखान्यात चाळीस वर्षं शिशाच्या अक्षरांचे खिळे जुळवले. शाळा चौथीत सुटली. नीट वाचायला शिकलो तो उलट्या अक्षरांवरून. लग्नाच्या बोलण्यांत या माणसापुढे मला धास्ती वाटली होती. त्यांनाही माझी वाटली होती, हे नंतर कळलं. तेव्हापासून दोघंही एकमेकांना काचेच्या भांड्यासारखं जपतो. अकरा वर्षं झाली, तडा नाही.

हा निवारा एक बाई सांभाळते. हातात कुऱ्हाड, आवाज भोंग्याचा. ‘बूट बाहेर! मोजे तारेवर! आधी लाकडं, मग चहा!’ इथली रीतच ती. येणाऱ्यानं पुढच्या माणसासाठी लाकडं फोडून ठेवायची.

‘भाऊ-भाऊ का तुम्ही?’

‘व्याही,’ मी म्हटलं.

‘अगं बाई! व्याही, आणि आपणहून बरोबर हिंडता? भांडत नाही?’

‘अकरा वर्षांत एकदाही नाही,’ व्याही अभिमानानं म्हणाले.

‘मग काहीतरी मुरतंय,’ ती म्हणाली आणि ओंडक्यावर घाव घातला. दोन सरळ फाका झाल्या.

माझ्या हातातलं लाकूड पायावर पडलं. लागलं नाही.

११ ऑक्टोबर. तिथेच.

धुकं. बाईंनी बाहेर पाऊल टाकू दिलं नाही. ‘हरवलात तर शोधायला मलाच यावं लागतं, आणि मला कंटाळा आहे.’

दोनदा सुरुवात केली. एकदा ‘मुलांचं म्हणाल तर —’ इथवर पोचलो. ते लगेच, ‘हो ना, पुढच्या वर्षी त्यांनाही ओढून आणू! दोघं फार कामात बुडालीत.’ मी उठलो आणि लाकडं फोडली. दुसऱ्यांदा सूप चांगलं झालंय असं म्हणून वेळ मारून नेली. पुन्हा लाकडं फोडली. बाई खूश. पुढच्या आठवड्याचं सरपण माझ्या भित्रेपणातून निघालं.

घरून निघताना ही म्हणाली होती, ‘तुमच्या पोटात काही राहत नाही, आणि वेळेवर बाहेरही पडत नाही.’ बायको चाळीस वर्षं बघते माणसाला. तिला काय सांगायचं!

१२ ऑक्टोबर. मेंढपाळांचा आडोसा. याला निवारा म्हणायचं तर म्हणावं.

झालं ते क्रमानं लिहितो.

सकाळी स्वच्छ ऊन. मोठ्या दगडापाशी दोन वाटा फुटल्या. पाटी वाऱ्यानं आडवी झालेली. व्याही थांबले, मी थांबलो. ‘तुम्ही म्हणाल तसं,’ ते. ‘छे, तुम्ही म्हणाल तसं,’ मी. पाचेक मिनिटं हाच खेळ. मग आम्ही डावीकडे चालू लागलो.

दोन तासांनी वाट गवतात विरली. दुपारी धुकं पुन्हा उतरलं. समोर हा आडोसा — तीन भिंती, वर पत्रा, पत्र्याचा एक कोपरा उडालेला. आत शिरून बसलो.

‘तुम्ही डावीकडे निघालात म्हणून मी आलो,’ मी म्हटलं.

‘मी? तुम्ही काठी डावीकडे केलीत!’

‘काठीचा चिखल झाडत होतो मी!’

‘मला वाटलं दाखवताय!’

‘आणि नकाशा? तो तुमच्या पिशवीत आहे ना?’

‘आहे की. पण तुमच्यासमोर काढला असता तर तुम्हाला वाट ठाऊक नाही असा अर्थ झाला असता. बरं दिसतं का ते?’

‘माझ्याकडेही आहे नकाशा,’ मी म्हटलं.

‘मग काढला का नाहीत?’

मी पुन्हा काठीचा चिखल झाडू लागलो. त्यांना कळलं. आधी ते हसले, मग मी. दोन म्हातारे, दोन नकाशे, आणि मुक्काम मेंढ्यांच्या जागेत! हसून हसून त्यांनी चष्मा काढून डोळे पुसले. आणि त्या हसण्यातच मी बोलून गेलो. ठरवून बोललो असतो तर या जन्मी जमलं नसतं.

‘मुलं वेगळी होताहेत, व्याहीबुवा. जूनपासून वेगळी राहतात. परवा अर्ज द्यायचाय.’

त्यांच्या चेहऱ्यावर हसू थोडा वेळ तसंच राहिलं. कुणीतरी विसरून गेल्यासारखं.

‘जूनपासून,’ ते म्हणाले. ‘म्हणजे ती मला सातला फोन करत होती ते —’

‘हो.’

‘घरात एकटी असताना.’

‘नात होती. पण हो.’

त्यांनी चष्मा पुन्हा डोळ्यांवर चढवून विचारलं, ‘माझ्या मुलानं काही वाकडं केलं का? मला खरं सांगा.’

‘नाही. मारझोड नाही, व्यसन नाही, तिसरं कुणी नाही. बोलणंच आटलं. लेक म्हणते, बाबा, आम्ही एकमेकांना इतकं सांभाळून घेतलं की घरात पाहुण्यासारखे राहायला लागलो.’

‘तुम्हाला कधी कळलं?’

‘जुलैत.’

‘आणि बसपाशी मी विचारलं तेव्हा?’

‘खोटं बोललो.’

त्यांनी मान हलवली. औषधाच्या चिठ्ठीवर काहीतरी चुकलेलं दिसल्यावर हलवत असतील तशी. मग पिशवीतून पाव काढला, मोडला, अर्धा माझ्याकडे दिला. ‘खा.’

अकरा वर्षं मोठा तुकडा मलाच मिळत आला. आज दोन्ही सारखे होते.

१३ ऑक्टोबर. चौथा निवारा.

उजाडताच मागे फिरलो. मोठ्या दगडापासून ते पुढे निघाले. ‘आधी तुम्ही’ नाही, थांबणं नाही. नकाशा हातात उघडा. माझा गुडघा उताराला बोलत होता. त्यांच्या कानावर गेलं असावं, कारण दोन ठिकाणी चाल सावकाश झाली. मागे वळून मात्र बघितलं नाही.

त्याआधी वाटेत सातला मीच हाक मारली होती, ‘गोळी?’

‘घेतली.’

दिवसभराचं संभाषण एवढंच.

निवाऱ्यात इतर कुणी नव्हतं. त्यांनी न विचारता खालची फळी घेतली आणि तोंड भिंतीकडे केलं. मी समोरची खालची घेतली. चांगली रुंद आहे. पहिल्या दिवशी उगाच वर चढलो.

वाईट वाटतंय. थोडं बरंही वाटतंय. दोन्हीचं वजन सारखं आहे की काय, सांगता येत नाही.

१४ ऑक्टोबर. घरी.

उतरलो. बस. त्यांचा फाटा आधी आला. पिशवी खांद्यावर टाकली, ‘येतो’ म्हणाले, गेले. खिडकीतून पाहिलं — पाठ ताठ होती.

घरी लेक दारातच; नातीला घेऊन सध्या आमच्याकडे राहायला आली आहे. अर्ज दुपारी देऊन आली होती. माझ्या तोंडाकडे बघून म्हणाली, ‘सांगितलंत?’

‘सांगितलं.’

‘काय म्हणाले?’

‘खा म्हणाले.’

माझी पिशवी खुंटीला अडकवायला ती वळली. खुंटी सापडायला फार वेळ लागला.

ही आतून म्हणाली, ‘अहो, एवढंच?’ एवढंच.

जेवताना लेकीनं विचारलं, ‘उद्या सातला फोन करू की नको? म्हणजे, करायचा तर कोण म्हणून करू?’

नात म्हणाली, ‘मी करते की!’ तिला कुणीतरी ‘आधी जेव’ म्हणून गप्प केलं.

१५ ऑक्टोबर.

सात वाजले. फोन केला नाही. तिकडूनही आला नाही. भिंतीवरच्या घड्याळाकडे आम्ही कुणीही पाहत नव्हतो — तसं दाखवत होतो.

१८ ऑक्टोबर.

लेक सातच्या आधीच घराबाहेर पडते हल्ली. ऑफिस दहाचं.

जावई नातीला भेटून गेला. दारात मला म्हणाला, ‘नानांनी मला काही विचारलं नाही. ओरडले असते तर बरं झालं असतं.’ मी चहा विचारला. प्यायला. कप स्वतः धुऊन ठेवला. भला मुलगा आहे. मी काय करू!

२२ ऑक्टोबर.

व्याह्यांचं पत्र. टपालानं, पाकिटात. अक्षर टपोरं, एक काना इकडचा तिकडे नाही. मी वाचलं, मग हिला वाचून दाखवलं, मग लेकीसमोर ठेवलं. खाली उतरवून घेतो.

‘अकरा वर्षांपूर्वी तुमच्या दारी आलो होतो, मुलासाठी मुलगी मागायला. ते नातं मुलांनी सोडवलं, तो त्यांचा अधिकार. आज पुन्हा मागणी घालतो. या वेळी माझ्यासाठी — लेक म्हणून. मला मुलगी नाही. माझ्या मुलाच्या कानावर घातलं आहे. त्याची ना नाही. तुमची आणि ताईंची हरकत असेल तर राग मानणार नाही. उत्तर लवकर लिहावं. तुम्ही नको, व्याहीबुवा. तिनं लिहावं.’