कुसुमचा पोर्तुगीज दिग्दर्शक

३ नोव्हेंबर, सोमवार
सकाळी बी.पी.ची गोळी. मंडईतून मेथी आणली. किडकी निघाली.
बायकोला, कुसुमला, जाऊन सोळा तारखेला वर्ष होईल. सोसायटीच्या हॉलमध्ये भजन नको. तिच्या आवडत्या दिग्दर्शकावर मीच बोलणार. तेल्मो पासोश, पोर्तुगालचा. वीस वर्षं ती दर शनिवारी फिल्म क्लबला जायची. मी गेलो नाही, पण तिची आवड मला पूर्ण ठाऊक आहे. रोज एक तास सिनेमा पाहायचा.

४ नोव्हेंबर, दुपारी ४
म्हातारा दार रंगवतो. अकरा मिनिटं. मग रंग वाळतो. तेही दाखवतात. वैताग आला. पुढचं डोळे मिटून ऐकलं. भाषा पोर्तुगीज, त्यामुळे फरक पडत नाही.

६ नोव्हेंबर
जीवन व कार्य, वाचन. पासोश पहाटे बेकरीत पाव भाजतो, दुपारी शूटिंग. निर्माता नाही. नट म्हणजे शेजारीपाजारी. एका सिनेमाला सात वर्षं. आमच्या इरिगेशन ऑफिसात मेमो मिळाला असता.
तनयाचा बंगळुरूहून फोन. बाबा, पूर्ण पाहिलात का? म्हटलं, जवळजवळ. (एकशेचाळीसपैकी बत्तीस मिनिटं.)

९ नोव्हेंबर
म्हातारा पुन्हा रंगवतोय. तेच दार! आजपासून उभं राहून पाहायचं, म्हणजे झोप लागणार नाही.
पाय सुजले. बसलो.

१३ नोव्हेंबर
शेवट इंटरनेटवर वाचला. वेळ वाचला. भाषणात घातलं: "कुसुम म्हणायची, या शेवटासाठी सगळा सिनेमा माफ." तसं ती म्हणाली नव्हती. म्हणालीच असती.

१६ नोव्हेंबर, रविवार
कार्यक्रम पाचला. बावीस माणसं. पडद्यावर दार आल्यावर सहा गेली. दुसऱ्या मजल्यावरच्या सलिलने मोठ्याने विचारलं, काका, कॉफी भाषणाआधी की नंतर? निर्लज्ज माणसं.
शेवटाबद्दलचं ते वाक्य म्हटलं. क्लबातल्या राधाताई उठल्या. म्हणाल्या, माधवराव, हे कधी म्हणाली ती? पासोशचा एकही शेवट कुसुमने पाहिलेला नाही. साडेसहा झाले की पर्स उचलायची. ह्यांना सातला गरम पोळी लागते, म्हणायची. दुसऱ्या दिवशी मला फोन, राधा, पुढे काय झालं गं?
मी म्हटलं, लवकर ये असं मी तिला कधीच सांगितलं नाही.
त्या म्हणाल्या, अहो, थांब असं तरी कुठे सांगितलंत?
पुढची चार पानं वाचून दाखवली. माझाच आवाज मला नकोसा वाटत होता.
घरी आलो तेव्हा साडेसात झाले होते. तव्यावर कालची पोळी टाकली. एका बाजूने करपली. खाल्ली. ताट घासून ठेवलं.