सावळीरामच्या घरचा प्रसाद

॥ श्री ॥

नाशिक,
दि. १२ नोव्हेंबर १९८१

ती. इंदिरावन्संना सुधाचा नमस्कार.

तुमचे पत्र सोमवारी पोचले, आज गुरुवार. रोज उत्तर लिहायला बसते नि उठते. मी बरी आहे. पूजा, एकादशी चालू आहे. थंडी पडू लागली. दूध पाव लिटरवर आणले. काल दूधवाल्याला म्हटले, "उद्यापासून पावच दे," आणि मग ध्यानात आले, दिवसभरात तेवढेच बोलणे झाले होते.

मंगळवारी नाशिकरोडला तुरुंगात ह्यांना भेटून आले. वाळलेत फार. पहिलाच प्रश्न, "ताईचं काही पत्र?" मी नाही म्हटले. तुम्ही लिहिलेत, "चोरी केली नव्हती, तर जामिनावर सुटल्यावर साक्षीदाराच्या दारात कशाला गेला? यापुढे मला भाऊ नाही." हे त्यांना कोणत्या तोंडाने सांगू?

वन्सं, हे का गेले ते तुम्हाला कुणी सांगितलेले नाही.

ह्यांच्या ताब्यातल्या सरकारी गोदामातली साखरेची पोती चोरल्याचा आळ आला, तरी इथल्या कोर्टाने जामीन दिला होता. अट एकच, साक्षीदारांना भेटायचे नाही. हे घरी आले म्हणून श्रावणी पौर्णिमेला मी सत्यनारायण घातला. दोन महिने गुळाचा चहा पिऊन रेशनची साखर राखली होती. शेजारच्या लताबाई सगळ्यांदेखत म्हणाल्या, "शिऱ्याला साखर कुठली हो सुधाताई, गोदामातली का?" बायका हसल्या. मीही हसले.

गोदामातला हमाल सावळीराम सरकारचा साक्षीदार. पण आमच्या प्रत्येक पूजेचा प्रसाद त्याच्या घरी जात आलेला. यंदाच वगळायचा? कथेत प्रसाद टाकून धावणाऱ्या लेकीच्या नवऱ्याची नाव बुडते. माझ्या मनाने तेच घेतले.

हे म्हणाले, "अगं, मला त्याच्याकडे जायची मनाई आहे."

"मनाई माणसाला. देवाच्या प्रसादाला कसली? आणि यजमानानेच द्यायचा असतो."

"सुधा, ऐक जरा."

"आधीच काय कमी भोगलंय? आता देवालाही रागवायला लावता?"

चार बायका ऐकत होत्या. मुकाट्याने द्रोण उचलून गेले.

सावळीराम घाबरला. "सायेब साक्ष फिरवाया आले व्हते," असे ठाण्यात सांगून बसला. सरकार मुंबईला हायकोर्टात गेले. आपले वकील ह्यांना म्हणाले, "कुणी पाठवलं होतं का? तसं लिहून देऊ." हे म्हणाले, "मी माझ्या मनाने गेलो."

मी शेजारच्याच खुर्चीत होते, वन्सं. पदराचे टोक बोटाला गुंडाळत होते. हायकोर्टाने जामीन रद्द केला. दसऱ्यानंतर चौथ्या दिवशी ह्यांना घेऊन गेले. जाताना म्हणाले, "तू कुठे काही बोलू नकोस. तुला पिंजऱ्यात उभी केलेली मला बघवणार नाही." मी ते ऐकले. मला ते सोयीचेच होते.

दिवाळीत पणती लावली नाही. कुणी विचारायलाही आले नाही.

उद्या वकिलांकडे जाऊन सगळे लिहून देणार आहे. ते म्हणतात, आता उपयोग होईलच असे नाही, आणि सरकारी वकील मलाच उभेआडवे विचारील. विचारू दे. हे रागावतील, रागावू देत. पण कोर्टाच्या आधी तुम्हाला कळायला हवे होते.

त्यांना दोन ओळी घाला. माझे नाव नाही लिहिलेत तरी चालेल. भावजय तोडा वन्सं, भाऊ तोडू नका.

सुधा