रूझियाचा हिस्सा

मी, फ्रानिया रोटश्टाइन, दिवंगत शायेक रोटश्टाइन यांची पत्नी, व्यवसाय दुभाषी (निवृत्त), राहणार हदार, हैफा, कोणाच्याही दडपणाखाली न येता हे मृत्युपत्र तोंडी सांगून लिहवून घेत आहे. डोळे अधू झाले आहेत, डोकं शाबूत आहे. वकील अमनोन यांनी तसा डॉक्टरांचा दाखलाही जोडला आहे.

१. राहता फ्लॅट माझी भाची नूरित हिला द्यावा, खाली कलम चारमध्ये सांगितलेली खोली सोडून. शायेकचं शिवणयंत्र वादी निस्नास वस्तीतल्या फरीद शिंप्याला द्यावं. यंत्र नुसतं पडून राहिलेलं शायेकला आवडणार नाही.

२. माझा दीर मेंडेल याला काहीही देऊ नये. आमच्या लग्नात सगळ्यांदेखत तो म्हणाला होता, "शायेक, त्या खाटकाच्या जिभेशी संसार करणार तू?"

त्याचं असं झालं. १९६५ साली जर्मनीत नाझी छळछावणीच्या पहारेकऱ्यांवर खटला चालला. तिथलं जर्मन बोलणं मी साक्षीदारांना पोलिशमध्ये सांगत असे. बोलणारा 'मी' म्हणाला, तर दुभाष्यानेही 'मी'च म्हणायचं, हा आमचा नियम. शायेक साक्षीला आला तेव्हा मी त्याच्या शेजारी होते. ग्रोथे नावाचा आरोपी उठला आणि हवापाण्याबद्दल बोलावं तसं बोलला. ते मी शायेकच्या कानाशी सांगितलं, "मुलं रडत होती, म्हणून मी त्यांना आधी आत घेतलं."

आत म्हणजे गॅसच्या कोठडीत. त्या मुलांत शायेकची लेक रूझिया होती.

शायेकने ग्रोथेकडे पाहिलंच नाही. माझ्याकडे वळून तो म्हणाला, "का घेतलंस?"

मी ते जर्मनमध्ये सांगितलं. न्यायाधीश म्हणाले, साक्षीदाराने आरोपीला प्रश्न विचारायचे नसतात.

संध्याकाळी तो पायऱ्यांवर माझी वाट पाहत उभा होता, टोपी हातात धरून. "बाई, राग मानू नका. तुम्हाला नव्हतो बोललो मी."

"ठाऊक आहे मला."

"पण आवाज तुमचाच होता ना?"

ग्रोथेला शिक्षा झाली, ती त्याच्याच त्या वाक्यामुळे. पुढे आजारपणाच्या नावाखाली तो सुटला आणि घरच्या पलंगावर मेला. आमच्या पदरात तेवढा न्याय पडला. थोडा आहे म्हणून मी तो टाकून देत नाही.

लग्नानंतर आम्ही घरात पोलिश कधीच बोललो नाही. भांडलोसुद्धा मोडक्यातोडक्या हिब्रूत.

३. मला शायेकशेजारी पुरावं. कबरीपाशी कोणी पोलिश बोलू नये. शेवटच्या आजारात त्याची हिब्रू गळून गेली, तो पोलिशच बोलू लागला. मी मात्र हिब्रूतच उत्तरं देत होते. नर्स वैतागली. "आजी, त्यांना कळेल असं बोला की!" म्हणून मी पोलिशमध्ये विचारलं, "पाणी देऊ?"

तो दचकला. भिंतीकडे तोंड फिरवून पुटपुटला, "आला तो ग्रोथे."

पुढे तो जाईपर्यंत मी तोंड उघडलं नाही.

४. खटल्यात बचावाच्या वकिलाने शायेकला विचारलं होतं, "अशी मुलगी होती, याला पुरावा काय?" फोटो नव्हता. गावच राहिलं नव्हतं, तिथे दाखला कोण देणार? हा प्रश्नसुद्धा शायेकला माझ्याच तोंडून ऐकावा लागला. म्हणून गॅलरीची छोटी खोली मी माझी सावत्र मुलगी रूझिया शायेक रोटश्टाइन हिला देते.

हे सांगितल्यावर अमनोन लिहायचे थांबले. "मावशी, हयात नसलेल्या माणसाला वारस करता येत नाही."

"मला कळतं. तुम्ही लिहा."

"कोर्ट हे कलम खोडून टाकेल."

"टाकू दे. खोडण्याआधी तिचं नाव तरी वाचावं लागेल."

ठिकाण : हैफा
दिनांक : १४ मार्च १९९३

लिहून देणार : फ्रानिया रोटश्टाइन (सही)

आमच्यासमक्ष सही केली :
अमनोन शेखटर, वकील (सही)
झिवा अबुलाफिया, शेजारीण (सही)